नक्षीदार ब्लेझर कधी, कशावर आणि कसा घालावा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

चौकटीचा, पट्ट्यांचा किंवा फुलांच्या नक्षीचा ब्लेझर हौसेनं घेतला जातो आणि मग बरेचदा कपाटातच लटकत राहतो. एकरंगी काळा किंवा गडद निळा असला की फार विचार करावा लागत नाही. नक्षी आली की शंका सुरू होतात: ऑफिसला जास्त होईल का, समारंभाला कमी पडेल का, आत काय घालू, पायात काय घालू. या शंकांची उत्तरं शोधताना मी एक गोष्ट सगळ्यात आधी बघते, ती म्हणजे त्या दिवशी लोक तुम्हाला किती अंतरावरून बघणार आहेत.

अंतराचा आणि नक्षीचा काय संबंध?

फार जवळचा. बारीक नक्षी काही पावलांवरून एकमेकींत मिसळून जाते. काळ्या-पांढऱ्या बारीक हाउंडस्टूथचा, म्हणजे तुटक टोकांच्या चौकोनांच्या नक्षीचा ब्लेझर मोठ्या खोलीच्या दुसऱ्या टोकाहून करडाच वाटतो. त्यात नक्षी आहे हे समोर येऊन बसलेल्या माणसालाच कळतं. याउलट पंजाएवढे चौकोन असलेला ब्लेझर सभागृहाच्या शेवटच्या रांगेतूनही ओळखू येतो. म्हणजे ब्लेझर सौम्य की भडक हे केवळ रंगावर ठरत नाही. नक्षीचा आकार, तिच्या रंगांमधला उजळ-गडद फरक आणि बघणाऱ्याचं अंतर, या तिन्हींचा मिळून तो परिणाम असतो.

घरच्या आरशात हे नीट कळत नाही, कारण आपण आरशाच्या अगदी जवळ उभ्या असतो. त्यापेक्षा फोन लांब ठेवून पूर्ण उंचीचा फोटो काढा आणि स्क्रीनवर तो नखाएवढा लहान करून बघा. तेवढ्या चित्रातही नक्षी उठून दिसत असेल, तर तुम्ही दारातून आत येताच तीच आधी नजरेत भरणार. दिसत नसेल, तर तो ब्लेझर जवळपास एकरंगी समजून निर्धास्त वापरा.

कुठल्या नक्षीला काय म्हणतात आणि त्यातली औपचारिक कुठली?

सगळ्यात शांत हेरिंगबोन. तिरप्या विणीची दिशा ठरावीक अंतरावर उलटवली की माशाच्या काट्यासारखी उलटसुलट तिरप्या रेघांची नक्षी तयार होते. दोन्ही धागे जवळच्या छटांचे असले तर ती नक्षीपेक्षा कापडाचा पोत वाटते. त्यानंतर पिनस्ट्राइप, म्हणजे गडद कापडावरच्या दोऱ्याएवढ्या बारीक उभ्या रेघा. खडूनं ओढल्यासारख्या जरा जाड, किंचित पुसट रेघा असतील तर त्याला चॉकस्ट्राइप म्हणतात. तीही औपचारिकच, पण पिनस्ट्राइपपेक्षा जास्त उठून दिसते.

मग येतो ग्लेन चेक. हा स्कॉटलंडमधल्या ग्लेन उर्कहार्ट या खोऱ्याच्या नावानं ओळखला जातो. बारीक रेघांचे आणि बारीक चौकड्यांचे पट्टे एकमेकांना छेदून त्याची मोठी चौकट तयार होते, त्यामुळे लांबून ती धूसर आणि जवळून गुंतागुंतीची दिसते. एकच नक्षीदार ब्लेझर घ्यायचा असेल तर मी करड्या ग्लेन चेककडे बोट दाखवीन. ऑफिस, जीन्स, संध्याकाळ, प्रवास अशा सगळ्या ठिकाणी तो टिकाव धरतो.

हाउंडस्टूथमध्ये चार गडद आणि चार फिके धागे आलटून पालटून, उभे आणि आडवे दोन्हीकडे घेऊन तिरपी वीण घातली जाते, म्हणून चौकोनांना ती तुटक टोकं येतात. बारीक असेल तर औपचारिक, मोठा असेल तर थेट लक्ष वेधणारा. विंडोपेन म्हणजे खिडकीच्या गजांसारखी मोकळी मोठी चौकट. टार्टनमध्ये अनेक रंगांच्या पट्ट्या ठरलेल्या क्रमानं उभ्या-आडव्या येतात. तो मुळातच मोकळ्या वातावरणातला. फुलं, भौमितिक आकार, प्राण्यांच्या कातडीसारखे ठिपके या छापील नक्ष्या सगळ्यात अनौपचारिक, अर्थात कापड आणि रंग गडद असतील तर त्याही संध्याकाळच्या समारंभाला जातात.

विणलेली नक्षी आणि छापलेली नक्षी यांत फरक कसा ओळखायचा?

कापडाची उलटी बाजू बघा. अस्तरामुळे ती दिसत नसेल तर आतल्या शिवणीच्या कडेला किंवा खिशाच्या झडपेखाली डोकवा. विणलेली नक्षी मागूनही दिसते, कधी रंग उलटे होऊन. छापलेली मागे फिकट असते किंवा नसतेच. ड्रेसच्या पातळ कापडावर छपाई शोभते. ब्लेझरच्या जाड, ताठ कापडावर मला विणलेली नक्षी जास्त पटते, कारण ती कापडाच्या हालचालीबरोबर हलते आणि कोपरापाशी किंवा काठावर घासून पांढुरकी पडत नाही.

मुलाखतीला नक्षीदार ब्लेझर चालेल का?

चालेल, नक्षी शांत असेल तर. मुलाखतीत समोरचा माणूस टेबलापलीकडे, साधारण एक ते दीड मीटरवर असतो आणि बराच वेळ तुमच्याकडेच बघत असतो. त्या अंतरावरून बारीक नक्षीही स्पष्ट दिसते, म्हणून दोन रंगांत फार तफावत नसलेली घ्या. गडद निळ्यावर किंचित फिकट निळी पिनस्ट्राइप, करड्यावर करडा हेरिंगबोन, मऊ ग्लेन चेक यांतलं काहीही चालेल. आत पांढरा, मोतिया किंवा फिकट निळा साधा शर्ट किंवा ब्लाउज. खाली ब्लेझरच्या मूळ रंगाची सरळ पँट.

जिथे काम डिझाइन, जाहिरात, कला किंवा प्रकाशनाशी संबंधित आहे, तिथे एक पायरी पुढे जाऊन विंडोपेन किंवा मध्यम आकाराचा हाउंडस्टूथ घालायला हरकत नाही. बँक, कायदा, प्रशासन अशा क्षेत्रांत तो मोह नोकरी लागल्यानंतरसाठी ठेवा.

मुलाखतीआधी घरी तो घालून वीस मिनिटं खुर्चीत बसा. खांदे वर सरकतात का, बटण ताणलं जातं का, बाही मनगटाच्या किती वर जाते, हे उभ्यानं कळत नाही.

रोज ऑफिसला घालायचा तर?

रोजच्या वापराला एकच पद्धत उपयोगी पडते: ब्लेझरला बोलू द्या, बाकीचं साधं ठेवा. साधा म्हणजे कंटाळवाणा नव्हे. पोत वेगळा घेतला की साध्या कपड्यालाही वजन येतं. चौकटीच्या ब्लेझरखाली बारीक विणीचा स्वेटर, रेशमासारखा झुळझुळीत ब्लाउज, जाड सुती टी-शर्ट, तिन्ही एकाच रंगाचे असले तरी तीन वेगळे दिवस वाटतात.

ऑनलाइन मीटिंगमध्ये माझा ब्लेझर स्क्रीनवर लहरी मारल्यासारखा दिसतो. असं का होतं?

याला मॉयरे परिणाम म्हणतात. कॅमेऱ्याच्या सेन्सरवर प्रकाश टिपणाऱ्या बिंदूंची जाळी असते. कापडावरची नक्षी तितकीच दाट आणि नियमित असली की दोन जाळ्या एकमेकींवर पडतात आणि मुळात नसलेल्या लाटा, कधी इंद्रधनुषी पट्टे दिसायला लागतात. तुम्ही हलता तसे तेही हलतात आणि समोरच्याचं लक्ष तुमच्या बोलण्यावरून उडतं. बारीक हाउंडस्टूथ, दाट पिनस्ट्राइप आणि ठळक हेरिंगबोन यांना हा त्रास सगळ्यात जास्त होतो. टीव्हीवर बोलवल्या जाणाऱ्या पाहुण्यांना दाट रेघा टाळायला सांगतात ते याचसाठी.

मीटिंगपूर्वी कॅमेरा चालू करून थोडं पुढे-मागे होऊन बघा. अंतर बदललं की लाटा कमी-जास्त होतात, कधी खुर्ची थोडी मागे सरकवल्यानंच प्रश्न सुटतो. नाहीच सुटला तर स्क्रीनसाठी मोठी, मोकळी नक्षी वापरा. विंडोपेन इथे फार छान दिसतो. एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा: स्क्रीनच्या चौकटीत फक्त खांदे आणि कॉलर दिसते, त्यामुळे नक्षीचा एखाद-दुसराच चौकोन नजरेस पडेल. मागे पुस्तकांचं कपाट किंवा रंगीत भिंत असेल तर नक्षीवर नक्षी होते. तेव्हा मागची बाजू मोकळी असलेली जागा शोधा.

मंचावरून बोलायचं आहे. काय निवडू?

इथे अंतर मोठं असतं, म्हणून बारीक नक्षी वाया जाते आणि मोठी नक्षी उपयोगी पडते. प्रेक्षकांना तुमचा चेहरा शोधायचा असतो. ठळक उजळ-गडद फरक असलेला ब्लेझर नजर वर खेचतो. मागचा पडदा कुठल्या रंगाचा आहे ते आधी विचारून घ्या. काळ्या पडद्यासमोर काळ्या मूळ रंगाचा ब्लेझर घातला तर लांबून नुसत्या रेघा तरंगताना दिसतात.

कॉलरला लावायचा माइक असेल तर लांब माळ आणि मोठा ब्रोच टाळा. ते माइकवर आपटतात आणि सभागृहभर खटखट ऐकू येते. माइकची पेटी कमरेला लागते, म्हणून खाली पट्टा घालता येईल अशी पँट किंवा स्कर्ट असू द्या. हे आयोजक सांगायला विसरतात.

जीन्सवर कसा घालायचा? मला तो अर्धवट वाटतो.

अर्धवट वाटण्याचं कारण बहुतेक वेळा जीन्स असते. फाटकी, रंग उडालेली जीन्स आणि व्यवस्थित बेतलेला पिनस्ट्राइप ब्लेझर, हे दोन कपडे दोन वेगळ्या ठिकाणी निघालेले असतात. जीन्स गडद आणि एकसारख्या निळ्या रंगाची घ्या, ब्लेझर जरा सैल आणि मऊ घ्या, आणि आत साधा टी-शर्ट. पिनस्ट्राइप ही सुटाची नक्षी असल्यानं ती जीन्सवर वरचा भाग हरवलेल्या सुटासारखी वाटू शकते; ग्लेन चेक, हेरिंगबोन, टार्टन आणि ट्वीड हे जाडसर, खरबरीत लोकरी कापड जीन्सशी सहज जुळतात. पांढरी जीन्स आणि निळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचा ब्लेझर हा जोड तर मुळापर्यंत जातो, कारण रुंद पट्ट्यांचे ब्लेझर इंग्लंडमधल्या नौकानयन क्लबांच्या पोशाखातून आले.

आत कुठल्या रंगाचं घालावं?

ब्लेझर उजेडात धरून त्यातले सगळे रंग मोजा. साधारण तीन सापडतील: मूळ रंग, नक्षीचा मुख्य रंग आणि कुठेतरी एखादा बारीकसा तिसरा धागा. करड्या चौकटीत वाइन रंगाची एक रेघ, निळ्यात मोहरीची एक छटा, असं काहीतरी असतंच. आतला कपडा त्या सगळ्यात कमी असलेल्या रंगाचा घेतला की पेहराव विचारपूर्वक केलेला दिसतो, आणि ब्लेझरमधली आजवर कुणाच्या लक्षात न आलेली ती रेघ एकदम जिवंत होते. मूळ रंगाचा कपडा घातला तर सगळं शांत होतं. मुख्य रंगाचा घातला तर नक्षी जास्त ठळक होते. तिन्ही बरोबर आहेत, त्या दिवशी काय हवं त्यावर अवलंबून.

एक खबरदारी घ्या. ब्लेझरमधला पांढरा बहुतेक वेळा शुभ्र नसून मोतिया असतो. त्याखाली कडक शुभ्र शर्ट घातला की ब्लेझर मळकट वाटायला लागतो. अशा वेळी मोतिया किंवा साईच्या रंगाचा शर्ट शोधा.

नक्षीवर नक्षी घालता येते का?

येते, आणि जमली की तिच्यासारखं दुसरं काही दिसत नाही. पण त्यासाठी दोन नक्ष्यांचा आकार वेगळा हवा आणि एक रंग समान हवा. मोठ्या विंडोपेनच्या ब्लेझरखाली बारीक पट्ट्यांचा शर्ट चालतो. फुलांच्या ब्लेझरखाली अगदी बारीक ठिपके चालतात. दोन्ही नक्ष्या एकाच मापाच्या असतील तर डोळ्याला थांबायला जागा सापडत नाही. सुरुवात करताना दुसरी नक्षी लहान क्षेत्रात आणा: गळ्यातला स्कार्फ, बॅग, पायातले जोडे. हात बसला की शर्टकडे वळा.

संध्याकाळच्या समारंभाला किंवा पार्टीला?

संध्याकाळी प्रकाश मंद आणि पिवळसर असतो. त्यात बारीक नक्षी आणि जवळच्या छटा दिसेनाशा होतात. चमक मात्र दिसते. म्हणून रात्रीसाठी रंगांच्या फरकापेक्षा पोताच्या फरकावर भर द्या. जॅकार्ड हा त्यासाठी उत्तम प्रकार. १८०४ च्या सुमारास फ्रान्समध्ये जोसेफ मारी जॅकार्डनं पंच केलेल्या कार्डांवर चालणारं यंत्र मागाला जोडलं आणि गुंतागुंतीची नक्षी थेट विणीत आणणं सोपं झालं. काळ्यावर काळी नक्षी असलेला जॅकार्ड ब्लेझर अंधारात साधा वाटतो आणि दिव्याजवळ आलात की फुलं उमटतात. मखमलीवरची नक्षी, धातूसारखा धागा असलेला ट्वीड, गडद कापडावरची मोठी फुलं, हे सगळंही चालतं.

आत रेशमी कॅमिसोल, म्हणजे बारीक पट्ट्यांचा बिनबाह्यांचा टॉप, खाली त्याच गडद रंगाची रुंद पायांची पँट किंवा लांब स्कर्ट. १९६६ मध्ये फ्रेंच डिझायनर इव्ह सां लोराँनं स्त्रियांसाठी 'ल स्मोकिंग' हा टक्सिडो, म्हणजे पुरुषांच्या रात्रीच्या समारंभी सुटासारखा पोशाख आणला, तेव्हापासून स्त्रियांच्या रात्रीच्या औपचारिक पोशाखात जॅकेटनं आपली जागा केली आहे. ब्लेझर घातला म्हणून समारंभाला कमी पडाल ही भीती बाळगू नका. निमंत्रणावर पोशाखाचा संकेत दिला असेल तर मात्र तो पाळा. यजमानांनी ते विचार करून लिहिलेलं असतं.

दुःखाच्या प्रसंगी?

नक्षी नको. अगदीच दुसरा ब्लेझर नसेल तर गडद, पोतासारखा वाटणारा हेरिंगबोन.

ड्रेस किंवा स्कर्टवर घालताना लांबी कशी जुळवायची?

ब्लेझरचा खालचा काठ शरीराला आडवी रेघ मारतो, आणि चौकटीच्या कापडात ती रेघ अजूनच ठळक होते. ती नितंबांच्या सगळ्यात रुंद भागावर येऊ नये, थोडी वर किंवा थोडी खाली असावी. घेरदार स्कर्टवर कमरेपर्यंतचा आखूड ब्लेझर, सरळ किंवा पेन्सिल स्कर्टवर नितंब झाकणारा लांब. गुडघ्यावरचा ड्रेस असेल तर ब्लेझर आणि ड्रेस यांच्या काठांमध्ये वीतभर तरी अंतर ठेवा. दोन्ही जवळजवळ संपले की ड्रेस चुकून आखूड झाल्यासारखा वाटतो.

आडव्या पट्ट्यांनी माणूस जाड दिसतो का?

हे इतक्या वेळा सांगितलं गेलं आहे की कुणी तपासायला जात नाही. जर्मन शास्त्रज्ञ हर्मान फॉन हेल्महोल्ट्झनं १९ व्या शतकातच दाखवलं होतं की एकाच मापाचे दोन चौकोन घेतले, एकात आडव्या रेघा आणि एकात उभ्या, तर आडव्या रेघांचा चौकोन उंच आणि अरुंद भासतो. स्त्रियांच्या आडव्या पट्ट्यांच्या पोशाखाचं उदाहरणही त्यानं दिलं होतं. शरीर हा सपाट चौकोन नाही, त्यामुळे परिणाम प्रत्येकीवर सारखाच होईल असं नाही. पण आडव्या पट्ट्यांना घाबरून दूर राहण्याचं कारण उरत नाही.

शरीर जाड-बारीक दाखवण्यात पट्ट्यांच्या दिशेपेक्षा मापाचा वाटा मोठा आहे. घट्ट ब्लेझरमध्ये रेघा छातीवर फाकतात आणि कमरेवर वाकतात. सरळ असायला हवी ती रेघ वाकडी झाली की घट्टपणा लगेच नजरेत भरतो, जो एकरंगी कापडात लपून गेला असता. नक्षीचा ब्लेझर म्हणूनच माप नेमकं असलेला घ्या, शंका असेल तर एक माप मोठा घेऊन बाजूंनी बेतून घ्या.

मी उंचीनं लहान आहे. मोठी नक्षी टाळू का?

टाळायलाच हवी असं नाही. बघायचं एवढंच की ब्लेझरच्या पुढच्या भागावर नक्षीची किमान दोन-तीन आवर्तनं पूर्ण बसतात का. एकच अर्धवट चौकोन दिसत असेल तर ती नक्षी तुमच्यासाठी मोठी आहे. बाकी ब्लेझर आणि पँट जवळच्या रंगाचे ठेवले की उंची मधे तुटत नाही, आणि बाही मनगटाच्या हाडाशी संपली की सगळा पेहराव तुमच्या मापाचा वाटतो.

नक्षीच्या ब्लेझरला तशीच पँट, म्हणजे पूर्ण सूट?

बारीक नक्षीत सुंदर दिसतो. मोठ्या नक्षीचा पूर्ण सूट हा ठाम निर्णय आहे, तो घ्यायचाच तर आतलं आणि जोडे अगदी साधे ठेवा. सूट घेतला तर दोन्ही भाग नेहमी एकत्र धुवायला द्या, नाहीतर एकाचा रंग आधी उतरतो आणि पुढे ते जोडीनं घालता येत नाहीत.

बटण लावावं की उघडं ठेवावं?

एका ओळीच्या बटणांच्या ब्लेझरचं बटण उभ्यानं लावावं, बसताना काढावं. दोन बटणं असतील तर वरचं लावतात आणि खालचं मोकळं सोडतात. बेतही त्याच हिशेबानं केलेला असतो. दुहेरी बटणांच्या ओळीचा ब्लेझर मात्र बंदच चांगला दिसतो. उघडा टाकला की पुढचे दोन रुंद पल्ले लोंबतात आणि चौकटी दोन्हीकडे वेड्यावाकड्या पसरतात.

आणखी एक. नव्या ब्लेझरच्या मागच्या चिरेवर फुलीच्या आकाराचा टाका असतो, खिसेही कच्च्या टाक्यांनी बंद केलेले असतात. दुकानापर्यंत आकार टिकावा म्हणून ते घातलेले असतात. चिरेवरचा टाका घरी आल्यावर काळजीपूर्वक उसवा. खिसे बंद ठेवले तर काठ सरळ राहतात, तो तुमचा निर्णय.

दागिने, जोडे, बॅग?

नक्षी जितकी मोठी, दागिना तितका कमी. मोठ्या चौकटीच्या ब्लेझरवर कानातलं एवढंच पुरतं. हेरिंगबोनसारख्या शांत कापडावर जाड साखळी किंवा ब्रोच खुलतो. जोडे आणि बॅग यांचा रंग एकच असण्याची गरज नाही, पण दोन्हींपैकी एक तरी ब्लेझरमधल्या रंगातून उचललेला असावा.

विकत घेताना काय बघावं?

सगळ्यात आधी नक्षी जुळली आहे का ते. पाठीच्या मधल्या शिवणीवर चौकटी एकमेकींना भेटतात का, कॉलरखालून उतरणारी रेघ पाठीवरच्या रेघेत जाते का, खिशाची झडप बंद असताना तिच्यावरची चौकट आजूबाजूच्या चौकटीत मिसळते का, बाहीवरचे आडवे पट्टे छातीवरच्या पट्ट्यांच्या ओळीत आहेत का. हे सगळं जुळवायला कापड जास्त लागतं आणि कापणाऱ्याचा वेळ जातो, म्हणून घाईनं शिवलेल्या ब्लेझरमध्ये तेच आधी सोडून दिलं जातं. बाहीचा वरचा, खांद्याजवळचा भाग गोलाई देऊन बसवतात, त्यामुळे तिथे नक्षी थोडी सरकणारच; छातीच्या उंचीवर मात्र ती जुळायला हवी. पुढचे दोन्ही पल्ले एकमेकांचं प्रतिबिंब असावेत. एका कॉलरपट्टीवर रेघ काठाशी आणि दुसरीवर मधोमध असेल तर तो ब्लेझर कितीही आवडला तरी ठेवून द्या. घरी आल्यावर रोज तेच दिसत राहतं.

मग खांदा. खांद्याची शिवण तुमच्या खांद्याच्या हाडाशी संपावी, मुद्दाम सैल बेत असेल तर गोष्ट वेगळी. त्यानंतर वजन. कापड अंगावर स्थिर पडतं का ते चालून बघा. १९५४ मध्ये पुन्हा काम सुरू केल्यानंतर फ्रेंच डिझायनर कोको शनेलनं जी ट्वीडची जॅकेटं केली, त्यांच्या अस्तराच्या खालच्या काठाला आतून बारीक साखळी शिवलेली असे, म्हणजे मऊ कापडही सरळ खाली पडे. आपल्या ब्लेझरला साखळी नसेना का, पण काठ वर उचलला जात असेल तर नक्षीच्या आडव्या रेघा कधीच सरळ दिसणार नाहीत.

नंतर बेतून घेता येतो का?

बाजूंनी आत घेणं सोपं. बाहीची लांबी कमी करणंही सोपं, फक्त ती मनगटाकडून कमी करायला सांगा. खांद्याकडून केली तर बाहीवरची चौकट वर सरकते आणि छातीच्या चौकटीशी असलेला मेळ तुटतो. मनगटाची काजं खरोखर कापलेली असतील तर तिकडूनही अडचण होते, ते घेण्याआधीच बघा. ब्लेझरची एकूण लांबी कमी करायला सहसा जाऊ नका, खिसे एकदम खाली आल्यासारखे वाटतात. आणि खांदे मोठे असतील तर घेऊच नका. ते काम सगळा ब्लेझर उसवून पुन्हा शिवण्याइतकं मोठं असतं.

उन्हाळ्यात घालता येतो का?

कापड आणि अस्तर बघा. अस्तर नसलेला किंवा पाठीवर अर्धंच अस्तर असलेला लिनन किंवा सुती ब्लेझर हवेशीर असतो. पॉलिएस्टरचं पूर्ण अस्तर असेल तर वरचं कापड कितीही हलकं असो, घाम अडकतोच. लिननला सुरकुत्या पडतात, पण नक्षी असली की त्या एकरंगी कापडापेक्षा कमी दिसतात. उन्हाळ्यात नक्षीदार ब्लेझर निवडायचं हे एक चांगलं कारण आहे.

प्रवासात?

शक्य असेल तर अंगावर घाला, खिसेही कामी येतात. बॅगेत ठेवायचाच असेल तर एक खांदा आतून बाहेर उलटवा, दुसरा खांदा त्यात बसवा, म्हणजे अस्तर बाहेर आणि नक्षी आत राहील. मग मधे एखादा मऊ कपडा ठेवून एकदाच घडी घाला. पोचल्यावर लगेच टांगा. लोकर असेल तर रात्रीतून बऱ्याच सुरकुत्या आपोआप निघतात.

नक्षी लोकांच्या लक्षात राहते. तोच ब्लेझर पुन्हा पुन्हा कसा घालू?

लक्षात राहतो हे खरं, आणि त्यात वावगं काहीच नाही. चांगला ब्लेझर तुमची ओळख होऊ शकतो. तरी बदल हवा असेल तर चेहऱ्याजवळचा भाग बदला, कारण बोलताना लोक तिथेच बघतात. कॉलरचा शर्ट, उंच गळ्याचा स्वेटर, गोल गळ्याचा टी-शर्ट, स्कार्फ, या चार गोष्टींनी एकच ब्लेझर चार वेळा वेगळा दिसतो. पँट बदलून तेवढा फरक पडत नाही.

धुणं आणि सांभाळणं?

लेबलवरच्या सूचना आधी वाचा. लोकरीचा ब्लेझर प्रत्येक वेळी ड्राय-क्लीनला देऊ नका, त्यानं कापडाचा जीव कमी होतो. घालून झाल्यावर मऊ ब्रशनं धूळ झटका, रुंद खांद्याच्या हँगरवर मोकळ्या हवेत टांगा आणि पुढचा दिवस त्याला विश्रांती द्या. सुरकुत्यांसाठी वाफ पुरते. इस्त्री करायचीच तर मधे सुती कापड घाला. थेट गरम इस्त्रीनं लोकरीला चकाकी येते आणि आतला चिकटवलेला थर सुटून पुढच्या पल्ल्यावर फुगे येऊ शकतात, ते परत बसत नाहीत. छापील नक्षीवर तर इस्त्री उलट्या बाजूनंच.

हंगाम संपल्यावर ठेवताना स्वच्छ करूनच ठेवा. कसरीच्या अळ्या लोकरीतलं केराटिन हे प्रथिन खातात आणि घाम किंवा अन्नाचा डाग असलेला भाग त्यांना जास्त आवडतो. प्लॅस्टिकच्या पिशवीऐवजी सुती कापडाचं आवरण घाला, आणि महिन्या-दोन महिन्यांनी बाहेर काढून कॉलरखाली आणि बगलेपाशी नजर टाका, कसर लागायला सुरुवात होते ती बहुधा तिथेच.